शिव्या मोजून, मार खाऊन

ओळखीतल्या एका चिरंजिवांची लंडनच्या ऑफिसात रवानगी झाली. तिसऱ्याच आठवड्यात साहेबाने भर मीटिंगमध्ये दोन इरसाल शिव्या हासडल्या. चिरंजिवांनी रीतसर मेल ठोकला : 'मॅनेजरने मला ॲब्यूज केलं.' तासाभरात एचआरच्या दोन बायका, एक वकील आणि पाण्याचा ग्लास घेऊन एक समुपदेशक हजर. दार लावलं. आवाज खाली आला. 'सावकाश सांगा. हात कुठे लावला?'

'हात कुठला हो? शिव्या दिल्या.'

चौघांचे चेहरे पडले. वकिलाचा जरा जास्तच.

चिरंजिवांची चूक नाही. शाळेत मास्तरांनी फळ्यावर लिहून दिलं होतं, ॲब्यूज म्हणजे शिवी देणे. एक शब्द, एक अर्थ, एक गुण. तिकडे मात्र त्याच एका शब्दाखाली मारहाण, लैंगिक अत्याचार, दारू, अफरातफर आणि कंपन्यांची दादागिरी अशी सगळी मंडळी एकाच सतरंजीवर झोपतात.

वर आपण त्याचं अनेकवचनही करून टाकलं. 'ही गेव्ह मी फोर ॲब्यूजेस.' इंग्रज शिव्या मोजत नाही. त्याच्याकडे हा शब्द पिठासारखा, पाण्यासारखा. आपण मोजतो.

व्यवहाराला पक्के.

शिवीच्या बाबतीत आपण गरीब कधीच नव्हतो. एका शिवीने भागत नाही म्हणून भाषेने 'शिवीगाळ' केली. शिवी म्हणजे शिवी आणि गाळ म्हणजेही शिवीच. कोकणीत आजही 'गाळी'च देतात. 'शिवीगाळ करून जिवे मारण्याची धमकी' हे वाक्य तर तालुक्याच्या बातमीदाराला झोपेतही लिहिता येतं. शेपटाला ३२३, ५०४, ५०६ ही कलमं. १ जुलै २०२४ पासून नवी संहिता आली आणि त्यांची ११५ (२), ३५२ आणि ३५१ (२) झाली.

शिव्या त्याच. पत्ता बदलला.

आणि सातारा जिल्ह्यात खंडाळा तालुक्यात सुखेड आणि बोरी या दोन गावांमध्ये एक ओढा आहे. नागपंचमीच्या दुसऱ्या दिवशी दोन्ही काठांवर बाया जमतात, पदर खोचतात आणि हात नाचवत एकमेकींना मनसोक्त शिव्या घालतात. बोरीचा बार म्हणतात त्याला. बघायला पंचक्रोशी लोटते. वर्षभर जे सासूला, जावेला, नवऱ्याला बोलता आलं नाही ते पलीकडच्या काठावरच्या अनोळखी बाईला ऐकवायचं आणि हलकं होऊन घरी भाकऱ्या थापायला जायचं. ३५२ कलम त्या दिवशी ओढ्याच्या काठाला उभं राहून मजा बघत असावं.

आता याला ॲब्यूज म्हणणार? म्हणा. पण मग समुपदेशक दोन्ही काठांवर बसवावे लागतील.

शब्दाचं मूळ बघायला गेलं तर आणखी पंचाईत. लॅटिनमध्ये 'उती' म्हणजे वापरणे. त्याला 'अब' हा उपसर्ग लागला की वापरून संपवणे, भलतीकडे वापरणे. रोमन कायद्यावर पोसलेले वकील मालकीहक्काचे तीन भाग सांगतात. समजा, तुमच्या परसात जांभूळ आहे. त्याच्या सावलीत खाट टाकलीत, तो उसुस. जांभळं विकलीत, तो फ्रुक्तुस. आणि झाड तोडून त्याचं सरपण केलंत, तो अबुसुस.

म्हणजे अबुसुस हा गुन्हा नव्हता. मालकाचा हक्क होता.

घरोघरचे मालक लॅटिन न शिकताही हे कसे जाणतात, हाच मोठा चमत्कार.

या मुळाबरहुकूम मराठी करायचं तर चोख प्रतिशब्द आहे 'गैरवापर'. अधिकाराचा गैरवापर, पदाचा गैरवापर, सरकारी जीपचा गैरवापर. झकास. आता 'चाइल्ड ॲब्यूज' घ्या. मुलांचा गैरवापर? म्हणजे मुलांचा योग्य वापरही असतो तर! पत्नीचा गैरवापर? योग्य वापराची पुस्तिका रुखवतात ठेवतात वाटतं.

हसू नका. इंग्रजीतही तोच खडा आहे. फक्त तो भात रोज खाऊन त्यांना लागेनासा झालाय.

म्हणून आपण 'छळ' म्हणतो. हा शब्द मोठा मजेशीर. संस्कृतात छल म्हणजे कपट, फसवणूक. हिंदीत अजूनही तेच. तिकडच्या कायद्याच्या पुस्तकात चारसोबिशीला छल असंच म्हणतात. मराठीत येताना ल चा ळ झाला आणि फसवणुकीची यातना झाली. दिल्लीत छल केला की कलम ३१८, पुण्यात छळ केला की कलम ८५.

आणि गंमत म्हणजे इंग्रजी शब्दाचाही एके काळी तोच अर्थ होता, फसवणे. त्याची एक खूण अजून शिल्लक आहे. 'डिसॲब्यूज' म्हणजे गैरसमज काढून टाकणे. फ्रेंच माणूस तर आजही 'माझी चूक होत नसेल तर' म्हणताना हेच क्रियापद वापरतो. दोन भाषा, दोन खंड. दोघींच्याही लक्षात आलं की आधी फसवणूक होते आणि मग मार पडतो.

लग्न जुळवणाऱ्या काकूंना हे कुणीतरी सांगा.

पण छळ हा एकटा शब्द किती ओझी वाहणार? क्रूरता म्हणजे छळ, हॅरेसमेंट म्हणजे छळ, टॉर्चर म्हणजे छळ, ॲब्यूज म्हणजेही छळच. बातमीत तो नेहमी जोडीने येतो, 'शारीरिक व मानसिक छळ'. राम-लक्ष्मणासारखी जोडी. त्यातला मानसिक हा कायम लक्ष्मण; तो आहे म्हणून सांगायचं, संवाद त्याला नाहीत.

तिसरा भाऊ तर कुणाच्या लक्षातच नसतो. २००५ च्या कौटुंबिक हिंसाचाराच्या कायद्याने आर्थिक अत्याचारही लिहून ठेवला आहे. ती कमावती, कार्ड तिच्या नावाचं, पिन त्याच्या डोक्यात. रोज सकाळी डबा भरून झाला की ती ओट्यापाशी उभी राहून रिक्षाचे पैसे मागते. तो पाकिटातून पन्नासची नोट काढतो, उजेडात धरून बघतो, आणि देताना विचारतो, 'कालचे उरले नाहीत?'

हा छळ? छे, छे. हा हिशेब.

त्याच कायद्यात, मूल होत नाही किंवा मुलगा होत नाही म्हणून टोमणे मारणं हाही अत्याचारच, असं स्पष्ट लिहिलंय. तरीही हळदीकुंकवात वाण देता देता ते उरकलं जातंच. कायदा छापलाय सरकारने, वाणाच्या वाट्या घेतल्यात वहिनींनी. कुठली गोष्ट घरात जास्त शिरते, सांगा बघू?

आता भाव काढू. प्राण्यांना निर्दयपणे वागवण्याविरुद्धचा कायदा १९६० चा. बैलाला मारलं, लाथाडलं, उपाशी ठेवलं तर पहिल्या गुन्ह्याला दंड १० ते ५० रुपये. आजही. दोन वडापाव आणि एक कटिंग. बायकोचं म्हणाल, तर मारहाणीची आणि छळाची कलमं वेगळी आहेत, मान्य. पण २००५ च्या या कायद्यात आधी तिने कोर्टातून संरक्षण आदेश आणायचा, मग त्याने तो मोडायचा, मग कुठे एक वर्षापर्यंत कैद किंवा २० हजारांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. आणि ऑक्टोबर २०२२ मध्ये स्पर्धा आयोगाने गूगलला अँड्रॉइडच्या बाजारातल्या वर्चस्वाच्या गैरवापराबद्दल दंड ठोकला तो १,३३७ कोटी ७६ लाख रुपये. तिथेही शब्द ॲब्यूजच.

बैलाने वकील बदलावा.

दारूकडे वळू. 'सब्स्टन्स ॲब्यूज' हा शब्द अमेरिकन मनोविकारतज्ज्ञांनी २०१३ मध्ये आपल्या पोथीतून काढून टाकला. आपल्याकडे हा प्रश्न आधीच सुटलेला आहे. महाराष्ट्रात दारू प्यायला परवाना लागतो, १९४९ च्या दारूबंदी कायद्यानुसार, आणि तो दिला जातो आरोग्य राखण्यासाठी. सरकार तसं कागदावर लिहून देतं. तेव्हा शनिवारी रात्री गटाराच्या कडेला आडवा झालेला गृहस्थ दारूचा गैरवापर करत नाही.

प्रकृती सांभाळतोय.

एक जुनी गंमत. अठराव्या-एकोणिसाव्या शतकातले विलायती डॉक्टर आणि पाद्री हस्तमैथुनाला 'सेल्फ-ॲब्यूज' म्हणायचे. स्वतःवरच अत्याचार! आपल्याकडे र. धों. कर्व्यांनी 'समाजस्वास्थ्य'मध्ये वाचकांच्या असल्या प्रश्नांना सरळ, शहाणी उत्तरं दिली, तर १९३४ मध्ये त्यांच्यावरच अश्लीलतेचा खटला भरला गेला. बाजू मांडायला डॉ. आंबेडकर उभे राहिले. तरीही हरले. म्हणजे जो अत्याचार नव्हता त्याला अत्याचार म्हणणारे सभ्य, आणि नाही म्हणणारा आरोपी.

बरं, खरा अत्याचार झाला की हीच सभ्य मराठी काय म्हणते? 'अतिप्रसंग'. तर्कशास्त्रात अतिप्रसंग म्हणजे नियम नको तिथे लागू होणं, एक दोष. बलात्काराला आपण तर्कदोष म्हणतो. खालच्या पायरीवर 'विनयभंग'. १८६० च्या दंडसंहितेने इंग्रजीत जे लिहिलं त्याची ही मराठी. विनय म्हणजे नम्रता. बसमध्ये हात तो घालतो, भंग तिच्या नम्रतेचा. आणि 'अब्रू लुटली' तर सगळ्यात थोर. गुन्हा त्याचा, खातं रिकामं तिचं.

इथे मात्र मी या परक्या शब्दाला गुमान खुर्ची देतो. आठवीतल्या पोराला 'माझ्यावर अत्याचार झाला' हे म्हणता येत नाही. तो शब्द पहिल्या पानावरचा, काळ्या चौकटीतला. 'अब्रू' तर पोरांना नसतेच म्हणे. 'ॲब्यूज' म्हणता येतं. त्याला ना वास, ना डाग. केंद्राच्या महिला व बालविकास मंत्रालयाने २००७ मध्ये १३ राज्यांतल्या १२,४४७ मुलांशी बोलून अहवाल काढला होता. त्यात निम्म्याहून जास्त मुलांनी कुठला ना कुठला लैंगिक अत्याचार सोसल्याचं सांगितलं आणि मुलगे मुलींपेक्षा किंचित जास्तच निघाले. करणाऱ्यांतले निम्मे ओळखीचे किंवा भरवशाचे. महाराष्ट्रही त्या १३ मध्ये होता.

दिवाळीला येणाऱ्या मामाला कुठल्या मराठी शब्दाने पकडायचं, ते शाळेत अजून शिकवत नाहीत.

फक्त एक अडचण आहे. 'ॲब्यूज झाला.' वाक्य पुरं. पाऊस झाला, उशीर झाला, ॲब्यूज झाला. कुणी केला? मराठीत तीन प्रयोग शिकलो होतो : कर्तरी, कर्मणी, भावे. हा चौथा.

फरारी प्रयोग.

आणि हा प्रयोग कुणाच्या तोंडी शोभतो तेही ठरलेलं आहे. कोथरूडच्या दिवाणखान्यात कॉफीचा मग दोन्ही हातांत धरून कुणी म्हणतं, 'ही वॉज रिअली ॲब्यूसिव्ह.' सगळे पुढे सरकतात. कुणीतरी थेरपिस्टचा नंबर पाठवतं. तासाभराने स्वयंपाकाच्या बाई सुजलेला डोळा घेऊन येतात, म्हणतात, 'काल मारलं त्यानं.' लगेच एकजण फ्रीझरमधून बर्फ काढते, दुसरी म्हणते, 'पिऊन आला असेल.' आणि तिसरी विचारते, 'पोळ्या करणार ना आज?'

एकीचं नातं विषारी असतं. दुसरीचा संसार असतो.

उलटी तऱ्हाही बघून ठेवा. पिझ्झा पंधरा मिनिटं उशिरा आला, ॲब्यूज. साहेबाने रविवारी मेसेज टाकला, ॲब्यूज. कंडक्टरने सुटे मागितले, ॲब्यूज. शब्द इतका स्वस्त झाला की ज्याला खरंच हवा त्याच्या हातात येईपर्यंत त्याची धार गेलेली असते. यालाच शब्दाचा, काय बरं म्हणतात, हं, गैरवापर.

जात या विषयात मात्र शब्द स्वस्त नाही. १९८९ च्या अत्याचार प्रतिबंधक कायद्यात जातीच्या नावाने, चारचौघांच्या देखत शिवीगाळ करणं हा गुन्हा आहे. आता जरा विचार करा. जातीचं नाव तेच. तहसीलदाराच्या शिक्क्याखाली आलं की दाखला, चौकात ओरडलं की शिवी. आणि काही जाती अशा, की त्यांचं नाव कितीही ओरडा, शिवी होतच नाही.

उलट आडनावाआधी लावतात.

शेवटी खाण्याकडे येऊ, कारण मराठी माणूस फिरून तिथेच येतो. इंग्रजीत मार मिळतो, सोसावा लागतो. आपण तो खातो. मार खातो, बोलणी खातो, शिव्या खातो, रट्टे खातो. चौकीत नेलं की 'पाहुणचार' होतो. जास्तच झालं तर 'चांगला प्रसाद मिळाला'. एवढं सात्त्विक खाणं दुसऱ्या कुठल्या भाषेत असेल?

आणि ज्याच्या हातात सत्ता आहे, जो तिचा गैरवापर करतो, तो काय करतो? तोही खातो. पैसे खातो, कमिशन खातो, रस्ता खातो, पूल खातो. वरचाही खातो, खालचाही खातो.

पंगत एकच. वाढपी वेगळे.

या भाषेचा सगळ्यात गोड पदार्थ पोरांसाठी राखून ठेवलाय. धम्मक लाडू आणि चापटपोळी. एक पाठीत, एक गालावर. हातानेच वाढायचं, पानही लागत नाही. अर्धं राज्य या खुराकावर वाढलं. वर उठाबशा, कोंबडा, अंगठे धरणे. २००९ च्या शिक्षण हक्क कायद्याने शाळेतली मारझोड आणि मानसिक छळ दोन्ही बंद केले. त्याच्या दोन वर्षं आधीच्या त्या मंत्रालयाच्या अहवालात दर तीन मुलांमागे दोन मुलं मार खाल्ल्याचं सांगत होती. घरात मार खाल्लेल्यांना जन्मदात्यांनीच वाढलेलं सगळ्यात जास्त.

'आम्हीही खाल्लाय, आमचं काय वाईट झालं?' हे वाक्य कोण म्हणतंय आणि म्हणताना त्याचा हात कुठे आहे, तेवढं बघायचं.

परवा आमच्या वरच्या मजल्यावर संध्याकाळी नेहमीचा कार्यक्रम चालू होता. शुद्धलेखन बाकी, दूध तसंच, टीव्ही चालू. जिन्यात खालपर्यंत ऐकू आलं, 'चापटपोळी हवीय का तुला? देऊ?' क्षणभर शांतता. मग सहा वर्षांच्या, इंग्रजी माध्यमाच्या, शर्टाच्या बाहीला नाक पुसणाऱ्या आवाजात उत्तर आलं, 'मम्मा, धिस इज ॲब्यूज.'

आई इतकी हसली, इतकी हसली की फोन काढून त्याला पुन्हा म्हणायला लावलं. क्लिप आमच्या सोसायटीच्या ग्रुपवर आली. सत्तावीस हसरे चेहरे. सेक्रेटरींनी अंगठा दिला. एका आजोबांनी लिहिलं, 'आमच्या वेळी असं बोललो असतो तर!'

क्लिप अकरा सेकंदांची आहे. बाराव्या सेकंदाला पोळी वाढली की नाही, ते ग्रुपवर आलेलं नाही.